चेहरा बानियोनिस यांचा, आवाज कुणाचा?

गेल्या पावसाळ्यात एका रविवारी मित्राच्या घरी 'सोलारिस' हा जुना सोव्हिएत सिनेमा पाहिला. मित्र, मी आणि त्याचे वडील. काका बँकेतून निवृत्त झालेत. संथ सिनेमा लागला की खुर्चीतच डुलक्या काढतात, पण त्या दिवशी पावणेतीन तास टक्क जागे होते. सिनेमा संपल्यावर चष्मा पुसत म्हणाले, "आवाज काय आहे रे या माणसाचा! रशियन नट म्हणजे नट."

पंचाईत अशी की त्या एवढ्याशा बोलण्यात दोन चुका होत्या. तो नट रशियन नव्हता, आणि तो आवाज त्याचा नव्हता. हे सांगितल्यावर चहा होईपर्यंत काकांनी माझी उलटतपासणी घेतली. रशियन सिनेमात रशियन नसलेला नट कशाला घेतला? आवाज दुसऱ्याचा, तर मग याचं कौतुक कशाचं? आणि सोव्हिएत काळात एवढा मोठा झाला म्हणजे सरकारचाच माणूस असणार ना? त्या दिवशी घाईत जी उत्तरं नीट देता आली नाहीत, ती इथे देतो.

आधी नाव, गाव आणि भाषा

तो नट म्हणजे दोनातस बानियोनिस. जन्म 28 एप्रिल 1924, लिथुआनियातल्या काउनस शहरात. वडील शिंपी. मृत्यू 4 सप्टेंबर 2014, राजधानी व्हिल्निअसमध्ये. या नव्वद वर्षांत त्यांनी देश सोडला नाही, पण डोक्यावरचं राज्य मात्र पुन्हापुन्हा बदललं. जन्मले तेव्हा लिथुआनिया स्वतंत्र होता. सोळाव्या वर्षी, 1940 च्या जूनमध्ये, सोव्हिएत फौजा आल्या. सतराव्या वर्षी हिटलरच्या आल्या. विसाव्या वर्षी सोव्हिएत परत आले आणि पुढची साडेचार दशकं राहिले. 11 मार्च 1990 ला लिथुआनियाने पुन्हा स्वातंत्र्य जाहीर केलं, तेव्हा बानियोनिस पासष्टीत होते.

म्हणजे ते 'सोव्हिएत' नट होते हे खरं, पण 'रशियन' नव्हते. सोव्हिएत संघात पंधरा प्रजासत्ताकं होती आणि रशिया त्यांतलं एक. बाहेरचं जग सगळ्यांनाच सरसकट रशियन म्हणत असे. दिल्लीत सगळ्या दाक्षिणात्यांना 'मद्रासी' म्हणत, तोच प्रकार.

लिथुआनियन आणि रशियन या भाषाही वेगळ्या शाखांच्या. झारच्या राजवटीत 1864 ते 1904 अशी चाळीस वर्षं लॅटिन लिपीतून लिथुआनियन छापायला बंदी होती. माणसं सरहद्दीपलीकडून पुस्तकं पाठीवर लादून चोरून आणायची. अशा पुस्तक-तस्करांसाठी त्या भाषेत स्वतंत्र शब्द आहे, 'क्निग्नेशिस', आणि तो शिवी नसून बहुमान आहे. बानियोनिस यांच्या आजोबांची पिढी ही. या देशात आज तीस लाखांहून कमी माणसं राहतात, म्हणजे 2011 च्या जनगणनेतल्या पुणे शहरापेक्षाही कमी.

जाता जाता एक गोष्ट, कारण काकांनी ती काढलीच. लिथुआनियन भाषा संस्कृतातून निघाली असा एक निरोप व्हॉट्सॲपवर फिरत असतो. त्यात तथ्य आहे ते एवढंच की दात म्हणजे 'दान्तिस', देव म्हणजे 'द्येवस', स्वप्न म्हणजे 'सापनस', अग्नी म्हणजे 'उग्निस'. पण हे आई-मुलीचं नातं नाही, लांबच्या चुलत बहिणींचं आहे. दोघींची पणजी एक. लिथुआनियनने जुने दागिने जरा जास्त जपून ठेवले, इतकंच. आपल्या 'रामः' मधल्या विसर्गाला तिकडे 'स' असतो, म्हणून दोनातस. आडनावाचंही रूप बदलतं: नवरा बानियोनिस, बायको बानियोनिएने. त्यांच्या पत्नी ओना त्याच नाटक कंपनीत अभिनेत्री होत्या, आणि त्या त्यांच्या आयुष्यभराच्या जोडीदार.

पॅरिसहून आलेला मास्तर आणि आडबाजूचं गाव

पोराने हाताला काही काम शिकावं म्हणून दोनातसला काउनसच्या कारागिरी शाळेत घातलं. तिथे तो मातीकाम, म्हणजे सिरॅमिक्स शिकला. नाटकाचं वेड मात्र आधीपासून.

त्याच सुमारास युओझस मिल्तिनिस नावाचा एक माणूस पॅरिसहून परत आला होता. शार्ल द्युलँ या फ्रेंच दिग्दर्शकाच्या हाताखाली शिकलेला, हट्टी, वाचनवेडा. त्याने काउनसमध्ये तरुण पोरांना घेऊन नाटकाचा वर्ग चालवला. 1940 साली पानेवेझिस या गावात नवं थिएटर काढायचं ठरलं आणि ते त्याच्याकडे आलं. पानेवेझिस ना राजधानी, ना विद्यापीठाचं शहर. पॅरिसमध्ये शिकून आलेल्या माणसाने मुंबई-पुणं सोडून परभणीला नाटक कंपनी काढावी, तसं हे. 1941 मध्ये सतरा वर्षांचा बानियोनिस तिथे पोचला, आणि मग मुक्कामच ठोकला. पुढे पडद्यावर एवढं नाव झालं तरी मॉस्कोला बिऱ्हाड हलवलं नाही. आयुष्याचा मोठा भाग त्याच गावात, त्याच कंपनीत गेला.

इथे एक शब्द समजून घ्यावा लागेल: रेपर्टरी थिएटर. आपल्याकडे व्यावसायिक नाटकात निर्माता एका नाटकापुरते नट जमवतो, नटाला प्रयोगागणिक 'नाइट' मिळते, बस गावोगाव फिरते, आणि नाटक बंद झालं की सगळे आपापल्या वाटेने. रेपर्टरीत उलट असतं. नट पगारावर कायमचे, थिएटर एकच, आणि एकाच वेळी आठ-दहा नाटकं आलटून पालटून चालू. लग्नापुरता बोलावलेला आचारी आणि खानावळीतला कायमचा आचारी, एवढा हा फरक. खानावळीतल्याला रोज तीच माणसं जेवायला येतात, त्यामुळे कालची भाजी आज नव्या नावाने वाढता येत नाही.

त्याचे दोन परिणाम होतात. आज ज्याने नायक केला, तो उद्या दुसऱ्या नाटकात तबक घेऊन येणारा नोकर असतो, त्यामुळे 'मी हिरो' ही हवा डोक्यात शिरत नाही. आणि एकच भूमिका वर्षानुवर्षं करायला मिळते. नटाचं वय वाढतं तसं पात्रही आतून बदलत जातं.

मिल्तिनिसने नाटकंही साधी निवडली नाहीत. इब्सेन, स्ट्रिंडबर्ग, शेक्सपिअर, ड्युरेनमाट. आर्थर मिलरच्या नाटकातला थकलेला फिरता विक्रेता विली लोमन बानियोनिस यांनी केला. वोल्फगांग बोर्शर्टच्या नाटकातला बेकमान केला. बेकमान हा युद्ध हरून सैबेरियाच्या कैदेतून घरी परतलेला जर्मन शिपाई. घराला दार उरलेलं नाही, बायकोजवळ दुसराच माणूस आहे, आणि याच्या डोळ्यांवर अजून गॅस मास्कचाच चष्मा, कारण त्याच्याशिवाय दिसत नाही. आता विचार करा, हे नाटक कुठे चाललंय? 1941 पासून ज्या देशातून हजारो कुटुंबं मालगाड्यांत भरून सैबेरियाला धाडली गेली, त्या देशातल्या एका गावात. समोरच्या खुर्च्यांत बसलेल्यांना सैबेरिया म्हणजे काय हे नकाशावर दाखवायची गरज नसावी. हा माझा अंदाज आहे, पण या नाटकाची निवड निव्वळ कलेपोटी झाली असेल असं मला वाटत नाही.

मिल्तिनिसचं सांस्कृतिक खात्याच्या साहेबांशी पटलं नाही. 1954 मध्ये त्याला थिएटरातून काढलं, 1959 मध्ये परत आणलं. पण आडबाजूला असण्याचा एक फायदाही होता. राजधानीतल्या रंगमंचावर जी नजर असते, ती इतक्या लांब रोज पोचत नाही. हळूहळू कीर्ती पसरली आणि मॉस्को-लेनिनग्राडहून लोक रेल्वेने पानेवेझिसला नाटक बघायला येऊ लागले. 1980 च्या दशकात बानियोनिस स्वतः काही वर्षं या थिएटरचे मुख्य दिग्दर्शक होते. आज त्या थिएटरला मिल्तिनिसचं नाव आहे.

गावातला नट पडद्यावर कसा पोचला?

1965 साली दिग्दर्शक व्हितौतस झालाकेविच्युस याने 'कुणालाच मरायचं नव्हतं' असा सिनेमा काढला. काळ 1947 चा. लिथुआनियाच्या जंगलांत सोव्हिएत सत्तेविरुद्ध लढणारे बंडखोर लपलेले आहेत. गावच्या सोव्हिएत अध्यक्षाचा खून होतो आणि त्याचे मुलगे बदला घ्यायला निघतात. घोडे, बंदुका, धुकं. बाहेरून बघितलं तर चक्क वेस्टर्न. बानियोनिस त्यात वाइत्कुस झालेत. आधी जंगलात बंडखोरांबरोबर होता, मग घरी परतला, आणि आता त्यालाच गावचा अध्यक्ष करून खुर्चीत बसवलंय. त्याला कुठल्याच बाजूला जायचं नाही, पण दोन्ही बाजू त्याला सोडत नाहीत. बंदूक हातात असताना ती कुठे ठेवावी हे न कळणारा माणूस त्यांनी असा केला की 1966 मध्ये चेकोस्लोव्हाकियातल्या कार्लोवी व्हारी चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. वय बेचाळीस. आपल्या हिशेबाने नायकाचं वय उलटून गेलेलं.

त्यानंतर मॉस्कोची बोलावणी सुरू झाली. 1968 च्या 'मृत ऋतू'मध्ये ते परदेशात लपून काम करणारा सोव्हिएत गुप्तहेर झाले. या सिनेमामुळे नाव घरोघरी पोचलं. त्यातला हेर उड्या मारत नाही की गोळ्या झाडत नाही. थकलेल्या कारकुनासारखा दिसतो, आणि म्हणूनच खरा वाटतो.

मग भूमिकांची यादी बघा. 'किंग लिअर'मध्ये इंग्रज सरदार अल्बनी. 'लाल तंबू'मध्ये इटालियन अधिकारी मारियानो, आणि त्याच सिनेमात शॉन कॉनरी. 1971 मध्ये स्पॅनिश चित्रकार गोया. 1975 मध्ये अमेरिकन मॅकिन्ली. 1976 मध्ये जर्मन संगीतकार बीथोव्हेन. सगळे परदेशी!

हा योगायोग नव्हे. सोव्हिएत सिनेमात युरोपियन-अमेरिकन माणूस हवा असला की बाल्टिक प्रजासत्ताकांकडे वळायची रीत होती. एस्तोनिया, लात्व्हिया, लिथुआनिया ही त्यांची घरातलीच 'फॉरेन'. पानेवेझिसचेच अल्गिमांतस मास्युलिस जर्मन गणवेशात किती वेळा दिसले असतील! आपल्याकडे गोरा साहेब हवा असला की टॉम आल्टर. मसुरीत जन्मलेला, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेला, अस्खलित उर्दू बोलणारा भारतीय माणूस, पण चेहऱ्यावरून कायमचा इंग्रज. बानियोनिस यांचं नशीब एवढ्यापुरतं बरं की त्यांना नुसते साहेब नाही, गोया आणि बीथोव्हेनही मिळाले.

आता आवाजाचं

बानियोनिस यांचं शिक्षण लिथुआनियन भाषेत झालं. रशियन त्यांना येत होती, पण उच्चार ठळकपणे बाहेरचे. अमेरिकन मॅकिन्ली लिथुआनियन हेल काढून रशियन बोलला तर प्रेक्षक गोंधळणार. दुसरं म्हणजे त्या काळी सोव्हिएत सिनेमातले संवाद बहुधा शूटिंगनंतर स्टुडिओत नव्याने ध्वनिमुद्रित व्हायचे. मग नवा आवाज भरायचाच आहे, तर तो चोख रशियन बोलणाऱ्याचा का नको?

'सोलारिस'मध्ये काकांना आवडलेला तो खोल, जरा दुखावलेला आवाज व्लादिमीर झामान्स्की या नटाचा आहे. झामान्स्की काही ऐरागैरा नव्हे. 'सोलारिस'चा दिग्दर्शक आंद्रेई तारकोव्हस्की याने शिकत असताना जो पदविका-चित्रपट केला, त्यात रोड रोलर चालवणारा मजूर हाच. 'मृत ऋतू'तला आवाज अलेक्सांद्र देम्यानेन्कोचा. हा तर आणखी गमतीचा प्रकार, कारण देम्यानेन्को म्हणजे सोव्हिएत विनोदी सिनेमांतला लाडका चश्मिस विद्यार्थी शुरिक. बच्चा बच्चा त्याला ओळखायचा. तोच आवाज एका धीरगंभीर हेराच्या तोंडी बसला आणि कुणाला खटकलं नाही.

हे ऐकून नवल वाटत असेल तर 'पुष्पा' आठवा. हिंदीत अल्लू अर्जुन बोलतो तो आवाज आपल्या श्रेयस तळपदेचा. 'बाहुबली'तला हिंदी प्रभास म्हणजे शरद केळकर. दोघंही स्वतः नावाजलेले नट, दोघंही मराठी.

फरक एकच, पण मोठा आहे. तेलुगू प्रेक्षकाला अल्लू अर्जुन त्याच्या स्वतःच्या आवाजात ऐकायला मिळतो. मूळ आवाज मूळ भाषेत शाबूत राहतो आणि डबिंग ही त्यावर चढवलेली नक्कल असते. 'सोलारिस'ची मूळ भाषाच रशियन. तिथे झामान्स्कीचा आवाज हाच मूळ आवाज झाला. बानियोनिस यांच्या आवाजातला 'सोलारिस' बघायचा म्हटलं तर तो नाहीच.

"मग अर्धाच अभिनय झाला की!"

ही काकांची हरकत, आणि ती अगदीच चुकीची नाही. आपण नाटकवाल्या लोकांत वाढलो. आपल्याकडे नट म्हणजे आधी आवाज. शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचला पाहिजे, स्वगताला टाळी पडली पाहिजे. आवाज काढून घेतला तर उरतं काय?

बानियोनिस यांच्या बाबतीत पुष्कळ उरलं, आणि त्याचं कारण पानेवेझिसमध्ये आहे असं मला वाटतं. मिल्तिनिसच्या हाताखाली ते वाक्य म्हणायला शिकले नव्हते, वाक्याआधीचा विचार करायला शिकले होते. बोलणं दुसऱ्याने केलं तरी बोलण्याआधीची घटका त्यांचीच राहते. प्रश्न ऐकल्यावर डोळे क्षणभर खाली जातात. उत्तर तयार असतं पण द्यावंसं वाटत नाही. मग तोंड उघडतं. झामान्स्कीचं काम तिथून सुरू होतं.

भूमिकांची यादी परत बघताना एक गोष्ट माझ्या उशिरा लक्षात आली. गोया मधल्या वयात आजारी पडून बहिरा झाला. बीथोव्हेन बहिरा झाला हे सगळ्यांनाच ठाऊक आहे. ज्याचा स्वतःचा आवाज पडद्यावर ऐकू येत नव्हता, त्या नटाने दोन मोठे कलावंत उभे केले आणि दोघांनाही ऐकू येत नव्हतं. दोन्ही सिनेमे पूर्व जर्मनीच्या देफा स्टुडिओचे. यात कुणाची योजना नसावी, पण एकदा दिसलं की डोक्यातून जात नाही.

दिग्दर्शकाशी खटका: 'का' विचारणारा नट

'सोलारिस'ची गोष्ट थोडक्यात: क्रिस केल्विन हा मानसशास्त्रज्ञ एका दूरच्या ग्रहाभोवती फिरणाऱ्या अंतराळ स्थानकावर जातो. ग्रहावर एक महासागर आहे आणि तो विचार करतो. स्थानकातल्या माणसांच्या मनात जे रुतून बसलंय ते तो सदेह समोर उभं करतो. केल्विनच्या समोर येते ती दहा वर्षांपूर्वी आत्महत्या केलेली बायको. पोलिश लेखक स्तानिस्लाव लेमच्या 1961 च्या कादंबरीवरून 1972 मध्ये हा सिनेमा आला आणि त्याच वर्षी कान महोत्सवात ज्युरींचा विशेष ग्रां प्री मिळवून गेला.

बानियोनिस यांचं आणि तारकोव्हस्कीचं सेटवर फारसं सूत जमलं नाही. हे ऐकीव नाही, तारकोव्हस्कीने स्वतःच नंतर लिहून ठेवलंय. त्याच्या मते बानियोनिस हे विश्लेषण करणारे नट: कशासाठी आणि कशामुळे हे समजल्याशिवाय काम करू न शकणारे. आधी काय घडलं, पुढे काय घडणार, आत्ताची हालचाल त्या साखळीत कुठे बसते, हे सगळं त्यांना हवं असायचं. तारकोव्हस्कीला नेमकं तेच नको होतं.

इथे दोन धंद्यांतला फरक दिसतो. नाटकात नट दोन-अडीच तासांची अख्खी वाट स्वतः चालतो. तिसऱ्या अंकात रडायचं असेल तर पहिल्या अंकात कुठे हसावं हे त्याला ठरवावं लागतं. शिंप्याचंच उदाहरण घ्या, घरातलंच आहे: पूर्ण अंगरखा डोळ्यांसमोर असल्याशिवाय तो बाही कापत नाही. सिनेमात मात्र शेवटचा प्रसंग पहिल्या दिवशी चित्रित होतो, आणि तुकडे जोडणारा माणूस दुसराच असतो. तारकोव्हस्कीचं म्हणणं, अंगरख्याची काळजी माझी, तू फक्त हा कापडाचा तुकडा हो. 'आरसा' या पुढच्या सिनेमात त्याने हे टोकाला नेलं. मार्गारिता तेरेखोवा कुंपणावर बसून सिगरेट ओढत नवऱ्याची वाट बघते. नवरा परत येणार की नाही हे त्याने अभिनेत्रीला सांगितलंच नाही. खरी बाईसुद्धा माहीत नसतानाच वाट बघते ना, हा त्याचा मुद्दा.

दोघांत बरोबर कोण? मी स्वतः बानियोनिस यांच्या बाजूने झुकतो. केल्विन मानसशास्त्रज्ञ आहे. उत्तर मिळाल्याशिवाय पाऊल न टाकणारा माणूस अशा जागी जाऊन पडतो जिथे उत्तरच मिळत नाही. चित्रीकरणात जो नट 'का, का' विचारत होता आणि ज्याला दिग्दर्शक धड काही सांगत नव्हता, त्याची ती चुळबुळ आपल्याला पडद्यावर केल्विनची म्हणून दिसते. तारकोव्हस्कीला हवा तसा, वाऱ्यावर सोडून देणारा नट मिळाला असता, तर सिनेमा इतका अस्वस्थ झाला असता का, याची मला शंका आहे.

सरकारी माणूस होते का?

1974 मध्ये त्यांना 'सोव्हिएत संघाचा लोककलावंत' हा किताब मिळाला. कलावंताला मिळणारा तो तिथला सर्वांत मोठा मान. पडद्यावर सोव्हिएत हेर झाले, आणि जंगलातल्या बंडखोरांना खलनायक ठरवणाऱ्या सिनेमात काम केलं. स्वतंत्र लिथुआनियात त्या बंडखोरांकडे स्वातंत्र्यसैनिक म्हणून बघतात. तेव्हा काकांचा प्रश्न तिकडेही विचारला जातोच.

मे 1972 डोळ्यांसमोर आणा. फ्रान्समध्ये कान महोत्सव चालू आहे आणि सोव्हिएत संघातर्फे 'सोलारिस' तिथे गेलाय. त्याच महिन्याच्या 14 तारखेला बानियोनिस यांच्या जन्मगावी, काउनसमध्ये, रोमास कालांता नावाच्या एकोणीस वर्षांच्या मुलाने नाट्यगृहासमोरच्या चौकात स्वतःला पेटवून घेतलं. पुढचे दिवस शहरात तरुण पोरं रस्त्यावर होती. पुढे बानियोनिस यांचा मुलगा राइमुंदस सिनेमा दिग्दर्शक झाला. त्याने 1990 मध्ये जो चित्रपट केला, तो 1972 च्या काउनसमधल्या, चोरून परदेशी रेडिओ ऐकणाऱ्या पोरांवर. एकाच वर्षाकडे बापलेकांनी दोन टोकांवरून बघितलेलं मला तरी दुसरीकडे कुठे आठवत नाही.

त्यानंतरची गोष्ट जास्त बोचरी. 2018 साली, मृत्यूनंतर चार वर्षांनी, लिथुआनियाच्या नरसंहार व प्रतिकार संशोधन केंद्राने केजीबी या सोव्हिएत हेरखात्याचे काही जुने कागद प्रसिद्ध केले. त्यांत बानियोनिस यांचं नाव हस्तक म्हणून नोंदलेलं होतं. देशभर वाद झाला. अशा नोंदीचा अर्थ लावणं अवघड असतं. ती लिहिली कुणी? हेरखात्याच्या अधिकाऱ्याने, स्वतःच्या साहेबाला दाखवायला. प्रत्यक्षात कुणाचं काय नुकसान झालं, हे नुसत्या नोंदवहीतल्या नावावरून कळत नाही. परदेशी जाणाऱ्या कलावंतांवर ते खातं डोळा ठेवून असे, आणि नकाराची किंमत मोजावी लागे, हेही खरं. पण म्हणून ती नोंद नव्हतीच असं म्हणता येत नाही. आणि उत्तर देऊ शकणारा माणूस तोवर व्हिल्निअसच्या अंताकाल्निस दफनभूमीत विसावलेला होता.

काकांना मी एवढंच म्हणालो की त्यांना सरकारी म्हणायचं तर बेकमान आणि विली लोमन कुठे बसवायचे? आणि बंडखोर म्हणायचं तर तो किताब कुठे ठेवायचा? काका म्हणाले, "म्हणजे आमच्यासारखाच. नोकरीपण करायची आणि साहेबाला मनातून शिव्यापण द्यायच्या." मला हे उत्तर पटलंही आणि पुरलंही नाही.

बघायचं कुठून?

'सोलारिस' एकदम झेपला नाही तर 'कुणालाच मरायचं नव्हतं'मधल्या वाइत्कुसपासून सुरुवात करा, त्यात गोष्ट पळते. हलकंफुलकं हवं असेल तर एल्दार र्‍याझानोव्हचा 1966 चा 'मोटारीपासून सावधान' बघा. त्यात ते चोरीची व्होल्गा गाडी विकत घ्यायला आलेले लिथुआनियन पाद्री झालेत. काम चिमुकलं, पण त्यांच्या चेहऱ्यावरचा भोळा लबाडपणा बघून हसू आवरत नाही. एरवी परदेशी होणारा नट इथे निदान स्वतःच्या गावचा तरी आहे. यातले बरेच सिनेमे यूट्यूबवर इंग्रजी उपशीर्षकांसह सापडतात.

'सोलारिस' लावलाच तर सुरुवातीची काही मिनिटं मोबाइल बाजूला ठेवून बघा. केल्विन उद्या पृथ्वी सोडून जाणार आहे. वडिलांच्या घराजवळच्या तळ्याकाठी तो नुसता उभा आहे. पाण्याखाली लांब शेवाळं हलतंय. थोड्या वेळाने अचानक पाऊस येतो. व्हरांड्यातल्या टेबलावर चहाचे कप तसेच राहिलेत, पाणी त्यांत पडून कप भरून वाहू लागतात. केल्विन आत पळत नाही. भिजतो, आणि बोलत काहीच नाही, त्यामुळे तेवढा वेळ झामान्स्कीलाही काम नाही.